'हम लोग' कोणी लिहिली होती? मनोहर श्याम जोशी आणि मालिका लिहिणारी माणसं

वैदर्भी

दिवाळीत माहेरी नागपूरला गेले होते. जेवणं आटोपून मावश्या, मामा, आई असे सगळे गच्चीवर बसलो आणि बोलता बोलता विषय दूरदर्शनवरच्या जुन्या 'हम लोग' मालिकेवर गेला. मोठ्या मावशीला बडकीच्या लग्नातली एकेक गोष्ट आठवत होती. मामाला लल्लूची चाल आठवत होती. भागाच्या शेवटी अशोक कुमार येऊन बोलायचे, त्यांचा आवाज सगळ्यांच्या कानात होता. मॅगीची जाहिरातसुद्धा आठवली. मी विचारलं, "लिहिली कोणी होती?" सहाजणांत एकालाही सांगता आलं नाही.

तेव्हापासून मी मिळेल ते वाचते आहे. मालिकेचे लेखक मनोहर श्याम जोशी. जन्म ९ ऑगस्ट १९३३, अजमेर. मूळ घराणं उत्तराखंडातल्या अल्मोड्याकडचं, कुमाऊंनी. आधी आकाशवाणी, मग फिल्म्स डिव्हिजन, मग हिंदी साहित्यिक अज्ञेयांच्या हाताखाली 'दिनमान' साप्ताहिक आणि त्यानंतर बरीच वर्षं 'साप्ताहिक हिंदुस्तान'चं संपादकपद. हे पद लहान नव्हतं. ते त्यांनी १९८४ मध्ये सोडलं आणि पूर्णवेळ लेखणीवर जगायला निघाले. पन्नाशी ओलांडलेला माणूस, घरसंसार असलेला, पगाराची खुर्ची सोडतो आणि ज्या धंद्याला आपल्या देशात अजून नावही पडलेलं नाही त्यात उतरतो. कारण तोपर्यंत रोजच्या घरगुती गोष्टीची लांब मालिका इथे कोणी लिहिलेलीच नव्हती. कोणाकडे पाहून शिकावं असं माणूसच नव्हतं.

'हम लोग'चा पहिला भाग ७ जुलै १९८४ ला लागला आणि शेवटचा १७ डिसेंबर १९८५ ला. सतरा महिने, दीडशेहून अधिक भाग. बसेसर राम नावाचा दारुडा सुतार, सगळं सोसणारी त्याची बायको भगवंती, आजोबा, दादी आणि पाच मुलं: लल्लू, बडकी, मझली, नन्हे, छुटकी. दाटीवाटीने राहणारं घर. दिग्दर्शक पी. कुमार वासुदेव, आणि कलाकार बहुतेक दिल्लीच्या रंगभूमीवरचे.

त्यानंतर 'बुनियाद', 'कक्काजी कहिन', 'मुंगेरीलाल के हसीन सपने', 'हमराही'. पाचही एकाच माणसाने लिहिल्या आणि एकीचा चेहरा दुसरीसारखा नाही. या मालिकांना मी लहानपणापासून ओळखते, पण त्या लिहिणारे जोशी माहीत नव्हते, याची मला आता खरंच खंत वाटते. म्हणून हा धागा. ज्यांना जोशींबद्दल, किंवा एकूणच घरगुती मालिका लिहिणाऱ्यांबद्दल काही ठाऊक असेल त्यांनी लिहा.

सातारकर

छान धागा, ताई. मी इतकी वर्षं हे जोशी मराठीच समजत होतो! मनोहर आणि जोशी, दोन्ही आपलीच नावं. त्याच वर्षी 'ये जो है ज़िंदगी' लागायची, तिचे लेखकही शरद जोशी. तेही मला मराठी वाटायचे. ते उज्जैनचे हिंदी व्यंगलेखक हे फार उशिरा कळलं.

वैदर्भी

सातारकर, कुमाऊंत जोशी, पंत, पांडे ही आडनावं भरपूर आहेत. तिकडच्या पंत घराण्यांत तर आपले पूर्वज कोकणातून आले अशी परंपरेने चालत आलेली समजूत आहे. पण मनोहर श्याम जोशींचा महाराष्ट्राशी सरळ संबंध म्हणजे मुंबई. फिल्म्स डिव्हिजनच्या नोकरीत ते इथे राहिले आणि १९८० साली आलेल्या त्यांच्या पहिल्या कादंबरीत, 'कुरु कुरु स्वाहा'मध्ये, हेच मुंबई शहर आहे. म्हणजे कादंबरीकार म्हणून पुढे आले तेव्हा ते सत्तेचाळीस वर्षांचे होते.

आणखी एक मराठी धागा आहे, पण तो 'आबा_७२' जास्त चांगला सांगतील. त्यांनी मागे एकदा दूरदर्शनवर लिहिलं होतं.

आबा_७२

हाक मारलीस म्हणून आलो. तो धागा म्हणजे वर्ध्याचे खासदार वसंतराव साठे. इंदिराबाईंच्या सरकारात ते माहिती आणि नभोवाणी मंत्री होते. १९८२ च्या आशियाई खेळांच्या वेळी रंगीत टीव्ही आणला, म्हणून त्यांना खूप शिव्या बसल्या होत्या. गरीब देशाला रंगीत टीव्ही कशाला, असा सूर होता. ते मेक्सिकोला गेले आणि तिथे त्यांनी मिगेल साबिदो या निर्मात्याचं काम पाहिलं. साबिदोने तिथल्या रडक्या घरगुती मालिकांच्या चौकटीतच साक्षरता, कुटुंबनियोजन असे विषय घातले होते. १९७५ च्या त्याच्या मालिकेत प्रौढांनी शिकणं हा विषय होता, त्यानंतरच्या मालिकेत लहान कुटुंब. लोक ती भाषण म्हणून ऐकत नव्हते, शेजारच्या घरातलं भांडण ऐकावं तशी ऐकत होते.

साठेंना वाटलं, हे आपल्याकडे व्हायला हवं. प्रत्यक्ष मालिका आली तेव्हा त्यांच्याकडे ते खातं राहिलं नव्हतं. पण त्या खात्याचे सचिव एस. एस. गिल यांनी नेट लावून ती उभी केली. त्याच १९८४ साली काही महिने देशात दिवसाला एक या गतीने टीव्हीचे ट्रान्समीटर उभे राहत होते. म्हणजे लेखक लिहीत होता आणि त्याचा वाचक, म्हणजे प्रेक्षक, रोज नव्या गावात जन्माला येत होता. असं भाग्य आणि असं ओझं कुठल्या लेखकाच्या वाट्याला आलं असेल?

आमच्या वाड्यात एकच टीव्ही होता. मालकीणबाई दार उघडं ठेवायच्या आणि जिन्यापर्यंत माणसं बसायची. बिऱ्हाडकरूंपैकी दोन घरांचं एकमेकांशी बोलणं बंद होतं, तीही त्या अर्ध्या तासाला शेजारी बसत.

मुक्ता_न

विषय आवडला, पण एक गोष्ट मांडते. सरकारने ठरवून दिलेला संदेश गोष्टीत कोंबायचा, हे लेखकाचं काम आहे का? मला तरी तो प्रचार वाटतो. दुसरं असं की साबिदोच्या पद्धतीत चांगलं पात्र, वाईट पात्र आणि या दोघांमध्ये हेलकावे खात शेवटी सुधारणारं पात्र अशी आखणी असते. 'हम लोग'मध्ये भगवंती ही कशी असू नये याचं उदाहरण होती. नवऱ्याचा मार, सासूचे टोमणे, सगळं मुकाट सोसणारी. पण प्रेक्षकांतल्या कित्येक बायकांना तीच आदर्श वाटली! हे नंतर अभ्यासकांनीही नोंदवलं. मग लेखकाने साधलं काय?

वैदर्भी

मुक्ता, प्रश्न अगदी योग्य आहे आणि माझ्या मते जोशींच्या सगळ्या कामाची गोम इथेच आहे.

पहिले तेरा भाग कुटुंबनियोजनाचा उपदेश उघड होता आणि ते पडले. लोक कंटाळले. तेव्हा दिशा बदलली: उपदेश मागे गेला, घर पुढे आलं. बडकीचं लग्न जमेल का, मझली मुंबईला जाऊन हिरॉईन व्हायच्या नादात कुठे अडकेल, छुटकीला डॉक्टर होता येईल का. लोकांना हे हवं होतं. लेखकाने चूक ओळखली आणि चालू मालिकेत, सगळ्या देशासमोर दुरुस्त केली. पुस्तकाच्या लेखकाला अशी संधी मिळत नाही, पण अशी परीक्षाही द्यावी लागत नाही.

भगवंतीबद्दल मला वाटतं ते असं. लेखक पात्राला एका हेतूने उभं करतो, पण पाहणारी बाई त्यात आपली आई पाहते, स्वतःला पाहते. जोशींनी भगवंतीला खोटी, कार्डबोर्डची केली असती तर तिच्यावर कोणी जीव लावला नसता आणि हेतू 'सफल' झाला असता. त्यांनी ती खरी लिहिली. खरं माणूस लिहिलं की त्याचं काय होईल हे लेखकाच्या हातात राहत नाही. मला यात त्यांचं अपयश दिसत नाही.

आणि जे साधलं तेही सांगते. मालिकेतल्या इन्स्पेक्टर समदरची दृष्टी जाते, तो भाग पाहून चंदीगडच्या तरुणांनी नेत्रदानाच्या प्रतिज्ञापत्रांवर सह्या केल्या. अशोक कुमारांना लाखोंनी पत्रं आली. बडकीच्या लग्नाला लोकांनी अभिनंदनाच्या तारा पाठवल्या.

दादीचं तर ठाऊक असेलच. इमरती देवी कर्करोगाने लवकर जाणार असं कथेत ठरलेलं होतं. पण सुषमा सेठ यांनी ती म्हातारी अशी काही केली की लोक तिला मरू देईनात. पत्रांचा ढीग आला आणि दादीचं मरण लांबत गेलं. (मझली झालेली दिव्या सेठ ही त्यांची खरीखुरी मुलगी.)

आमच्या आईनेही तेव्हा पोस्टकार्ड टाकलं होतं, दादीला वाचवा म्हणून. हे मला या दिवाळीत कळलं. मी विचारलं, "लेखकाला लिहिलंस?" तर म्हणाली, "नाही, दादीलाच लिहिलं."

मुक्ता_न

तुझ्या आईचं पोस्टकार्ड वाचून थांबले. भगवंतीबद्दल अजून पूर्ण पटलेलं नाही, पण 'खोटी लिहिली असती तर हेतू सफल झाला असता' यावर विचार करते आहे.

पडद्यामागे

मी इथे बरीच वर्षं फक्त वाचते, लिहीत नाही. आज राहवलं नाही, कारण मी हेच काम करते. अकरा वर्षं मराठी मालिकांचे संवाद लिहिते. नाव सांगत नाही, सांगितलं तरी तुम्ही ओळखणार नाही.

जोशी एकटे लिहीत होते. कथा त्यांची, पटकथा त्यांची, संवाद त्यांचे. सांगत जायचे आणि टंकलेखक टाइप करत जायचा, असं त्यांच्याजवळच्यांनी सांगितलं आहे. आता तसं नाही. एकजण कथा पुढे नेतो, तो कथाविस्तार. दुसरा त्याची पटकथा करतो: कुठला सीन, कुठे, कोण कोण, काय घडतं. मग ती माझ्याकडे येते आणि माणसं काय बोलतात ते मी लिहिते. मध्ये वाहिनीची माणसं असतात, निर्मात्याची असतात. आठवड्याला सहा भाग, कधी सात. एक भाग बावीस मिनिटांच्या आसपास. गुरुवारी टीआरपी येतो आणि त्या दुपारी आमच्या घरातला फोन वाजला की माझा मुलगासुद्धा गप्प बसतो.

बँक म्हणजे तयार भागांचा साठा. तो असला तर श्वास घेता येतो. तो संपला की आज लिहिलेलं उद्या शूट होतं आणि परवा दिसतं. मी रुग्णालयाच्या व्हरांड्यात बसून मोबाइलवर सीन लिहून पाठवले आहेत. आत माझे वडील होते. पलीकडे सेटवर लाइट लागलेले, सत्तर-ऐंशी माणसं उभी. त्यांचाही दिवस असतो, त्यांनाही घरी जायचं असतं. तेव्हा लिहायचं.

पण मला मुख्यतः सांगायचं आहे ते वेगळंच. वैदर्भींनी लिहिलंय की जोशी आधी आकाशवाणीत होते. ते वाचून मला एकदम उलगडा झाला. घरगुती मालिका पाहिली जात नाही, ती ऐकली जाते. सातच्या सुमाराला बाई भाकरी थापत असते, पाठ टीव्हीकडे. पोर अभ्यास करतंय, आजोबांना धूसर दिसतं. म्हणून आमच्या संवादात माणूस समोर उभा असूनही त्याला नावाने हाक मारायची, 'वहिनी', 'भाऊजी' म्हणायचं, म्हणजे पाठमोऱ्या बाईलाही कोण कोणाशी बोलतंय ते कळतं. आधी काय झालं ते पुन्हा एकदा कोणाच्या तरी तोंडून यायला हवं. बाहेरून पाहणाऱ्याला हे पाल्हाळ वाटतं, आणि त्यासाठी आम्हाला नावं ठेवली जातात. पण ती पाठमोरी बाई माझी प्रेक्षक आहे. तिची भाकरी करपू न देता तिला गोष्ट कळली पाहिजे.

मी लहान असताना आई अशीच 'हम लोग' ऐकायची. हिंदी तिला धड येत नव्हतं. तरी दादी बोलली की दादीच बोलली हे तिला कळायचं, कारण त्या घरात प्रत्येकाची बोली निराळी होती. दादीचं वाक्य छुटकीच्या तोंडी घालून बघा, बसणार नाही. मी आजही सीन लिहून झाला की नावं झाकते आणि फक्त वाक्यं वाचते. कोण बोलतंय ते कळलं नाही तर सीन परत लिहिते. वेळ नसतो, तरी लिहिते.

सातारकर

तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. आमच्या घरी आई अजूनही स्वयंपाक करताना मालिका 'ऐकते'. मी तिला हसायचो. आता नाही हसणार.

एक विचारू का? मानधनाचं कसं असतं? आणि नाव येतं का तुमचं?

पडद्यामागे

भागावर पैसे मिळतात. भाग प्रसारित झाल्यावर तीन महिन्यांनी मिळणं ही सर्रास पद्धत. मालिका अचानक बंद झाली तर पुढच्या महिन्याचं उत्पन्न त्या दिवशी थांबतं. करारात सगळे हक्क लिहून घेतलेले असतात. तीच मालिका पुन्हा दाखवली, दुसऱ्या भाषेत केली, तरी आमच्या हाती सहसा काही येत नाही. २०१२ मध्ये कॉपीराइट कायदा बदलला तेव्हा लेखकाला रॉयल्टीचा हक्क सोडून देता येणार नाही असं कलम आलं. मुंबईतली स्क्रीनरायटर्स असोसिएशन त्यासाठी झगडते आहे, करारही वाचून देते. नवीन लिहिणाऱ्या मुलामुलींनी आधी तिथे सभासद व्हावं, आपली गोष्ट नोंदवावी आणि मग कोणाला ऐकवावी, हे मी कळकळीने सांगते.

नावाचं विचारलंत. एका मालिकेत सलग तीन महिने माझ्या संवादांवर आधीच्या लेखकाचं नाव जात होतं. नावांची पट्टी बदलायची राहून गेली, असं सांगितलं. मी रोज रात्री पट्टी बघायचे. नवरा म्हणायचा, नको बघूस. आता तर शीर्षकगीत आठवड्यातून एखाद्या वेळेलाच पूर्ण लागतं, आणि मोबाइलवर पाहणाऱ्याला ते ओलांडून पुढे जायचं बटण असतं.

कॅम्पातला_किरण

माझं बालपण उल्हासनगरात गेलं. मराठी घर, पण आजूबाजूला सगळे सिंधी. फाळणीनंतर निर्वासितांच्या छावण्या जिथे पडल्या तेच आमचं गाव, म्हणून अजून 'कॅम्प नंबर अमुक' असा पत्ता देतात.

'बुनियाद' १९८६ ला सुरू झाली तेव्हा मी नववीत होतो. रमेश सिप्पींनी 'शोले'नंतर अकरा वर्षांनी टीव्हीसाठी केलेलं काम, सोबत ज्योती सरूप दिग्दर्शक. लाहोरचं कुटुंब, मास्टर हवेलीराम आणि लाजोजी. आलोकनाथ आणि अनिता कंवर ऐन तरुण वयात म्हातारे झाले होते आणि खरे वाटत होते. आम्ही शेजारच्या घरी पाहायचो. त्या घरातले आजोबा कराचीहून आलेले. चाळीस वर्षांत त्यांनी नातवंडांना तिकडचं काही सांगितलेलं नव्हतं. दुकान, देऊळ, घर, एवढंच. फाळणीचे भाग लागले आणि हा माणूस एका रात्री बोलायला लागला. आपल्या गल्लीचं नाव, दाराचा रंग, कुलूप लावून किल्ली कोणाकडे दिली ते. त्यांची सून हातातलं काम टाकून दारातच बसली. टीव्हीवर बातम्या सुरू झाल्या तरी कोणी उठलं नाही.

गोष्ट पंजाबची, म्हातारा सिंधी, मी मराठी आणि लिहिणारा, हे आज कळलं, कुमाऊंचा! ज्याच्या घराने फाळणीत लाहोर सोडलेलं नाही त्याने हे लिहिलं. मला तर ते कुणा लाहोरवाल्याने आपलंच लिहिलंय असं वाटायचं.

२०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शनने ती पुन्हा दाखवली. मी एकटाच पाहत होतो. ते आजोबा आणि ती सून, दोघंही आता नाहीत.

वैदर्भी

किरण, हे लिहिल्याबद्दल मनापासून आभार. तुमचा प्रतिसाद आईला वाचून दाखवला.

'बुनियाद'मध्ये 'हम लोग'च्या अगदी उलट अडचण होती. तिथे एक घर आणि रोजचा दिवस. इथे तीन पिढ्या, स्वातंत्र्यलढा, आर्यसमाजी सुधारणा, फाळणी आणि नंतर दिल्लीत पुन्हा शून्यातून उभं राहणं. इतिहासाची एवढी मोठी लाट, आणि तरी प्रत्येक भागात प्रश्न घरातलाच: कोण कोणाशी बोलत नाही, कोणाचं लग्न, कोणाचा हट्ट. मला वाटतं पत्रकारितेतली त्यांची वर्षं इथे कामी आली. माणसांची माहिती खणून काढायची सवय होती.

आबा_७२

एक भर घालतो. जोशींनी विनोदीही तितकंच ताकदीने लिहिलं. 'कक्काजी कहिन' हे राजकीय व्यंग, त्यात ओम पुरी, दिग्दर्शन बासू चटर्जींचं. 'मुंगेरीलाल'मध्ये रघुवीर यादव, दिग्दर्शक प्रकाश झा. दिवास्वप्नं पाहणारा कारकून हा तर आपल्या प्रत्येक कचेरीत असतो. मग १९९२ च्या 'हमराही'त परत कुटुंब आणि बायकांचे प्रश्न, पण या वेळी हिमानी शिवपुरींची देवकी भौजाई अशी की उपदेश कुठे आहे ते शोधावं लागतं. 'हम लोग'च्या पहिल्या तेरा भागांत जे जमलं नव्हतं ते इथे जमलं. मुक्ताताईंनी ती जरूर पाहावी.

मराठीत मला या जातीचं लेखन आठवतं ते 'प्रपंच'मध्ये. प्रतिमा कुलकर्णींचं. समुद्राकाठचं घर, एकत्र कुटुंब, आणि कोणीही खलनायक नाही. नंतर 'श्रीयुत गंगाधर टिपरे', दिलीप प्रभावळकरांच्या 'अनुदिनी'वरून आलेली. दोन्ही संपायच्या वेळी संपल्या. हा 'संपणं' हा मुद्दा महत्त्वाचा आहे. 'हम लोग' दीडशेवर भागांत संपली, कारण गोष्ट सांगून झाली होती. आता मालिकेला शेवट ठाऊकच नसतो. पडद्यामागेताई, शेवट माहीत नसताना लिहिता कसं?

पडद्यामागे

आबा, खरं सांगू? शेवटाकडे पाहतच नाही. पुढच्या शुक्रवारकडे पाहते. एखादा कलाकार सोडून जातो, तेव्हा त्या माणसाला गावी पाठवायचं किंवा मारायचं. एखादी जोडी लोकांना आवडत नाही, तेव्हा ट्रॅक बंद. पाच वर्षांची लीप आली की काल बाळंत झालेल्या बाईला आज शाळेत जाणारं मूल.

पण त्यातही आपल्या हातात एक गोष्ट राहते. सीन कोणाचाही असो, वाक्य माझं असतं. एका मालिकेत सासू वाईट दाखवायचीच असं ठरलं होतं. मी तिला एका सीनमध्ये, सून झोपल्यावर तिच्या पायावर पांघरूण घालायला लावलं. पटकथेत नव्हतं ते. सेटवर अभिनेत्रीने फोन करून विचारलं, "हे ठेवू?" मी म्हटलं, "ठेवा." दिग्दर्शकाने ठेवलं, वाहिनीनेही काढलं नाही. भाग लागल्यावर निर्मात्याच्या कचेरीत एका बाईंचा फोन आला होता की माझी सासू अशीच होती. मला ते तिसऱ्या दिवशी कळलं, चहा घेताना, उडत उडत. त्या बाईंचं नावही कोणी लिहून ठेवलं नव्हतं.

मुक्ता_न

मी भगवंतीबद्दलचा माझा मुद्दा मागे घेत नाही, पण त्याला हे पांघरूण जोडते. बहुतेक आपण दोघी, म्हणजे मी आणि वैदर्भी, एकच गोष्ट दोन टोकांनी बोलत होतो.

'हमराही'चे भाग शोधते. आणि जोशींनी पटकथेवर लिहिलेलं काही आहे का? माझी भाची संज्ञापन शिकते आहे.

वैदर्भी

आहे. 'पटकथा लेखन : एक परिचय', हिंदीत. सोपी हिंदी आहे, तिला सहज वाचता येईल. मी नागपुरातून मागवलं, आत्ता अर्ध्यावर आहे. स्वतःच्या हाताने केलेल्या कामाबद्दल लिहिलंय, त्यामुळे वाचताना शिकवणी वाटत नाही.

आणखी एक. २००५ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना 'क्याप' कादंबरीसाठी मिळाला आणि ३० मार्च २००६ ला दिल्लीत ते गेले. पुरस्कार कादंबरीला मिळाला आणि तो मिळायलाच हवा होता. पण आमच्या गच्चीवरच्या सहाजणांपैकी कोणी ती कादंबरी वाचलेली नाही, आणि दादीला मात्र चाळीस वर्षांनंतरही ते सगळे ओळखतात.

पडद्यामागेताई, तुमच्या मालिकेचं नाव नका सांगू. पण पुढे कधी असं पांघरूण लिहिलंत तर इथे येऊन फक्त 'आज आहे' एवढं टाका. आम्ही शोधू.

पडद्यामागे

वाचलं. डोळे भरून आले, आणि दोन सीन द्यायचे आहेत. उद्या सकाळी सातची शिफ्ट आहे, बँक संपलीये. रात्री उशिरा येते.